वाट लागली की लावली? ब्रिटिश बोलीतली नुकसानीची भाषा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही ब्रिटिश मालिकांची मराठी सबटायटल्स करायला घेतली आहेत. पात्रं दर दोन मिनिटांनी काहीतरी मोडल्याचं, बुडाल्याचं, फसल्याचं नव्या शब्दांत सांगतात. शब्दकोशात प्रत्येकापुढे 'नष्ट होणे, वाया जाणे' एवढंच सापडतं आणि तुमच्या मराठीत सगळीकडे 'वाट लागली' उमटतं. नमुना म्हणून एका प्लंबरच्या तोंडचं वाक्य पाठवलंत: 'द बॉयलर्स पॅक्ड अप, द लास्ट ब्लोक मेड अ राइट पिग्ज इअर ऑफ इट, ॲण्ड दॅट्स टू हंड्रेड क्विड डाउन द ड्रेन.' अशा शब्दांची यादी मिळेल का आणि त्यातले वाह्यात कोणते, हेही विचारलंत.

याद्या ढिगाने मिळतील, पण त्या सगळ्या पुन्हा तुम्हाला 'वाट लागली'वरच आणून सोडतील. या कामात मला एकच प्रश्न उपयोगी पडत आलाय: बोलणारा दोष कोणावर टाकतोय? नुकसान किती मोठं आहे हे ब्रिटिश माणूस शब्दातून सहसा कळू देत नाही. कोणी केलं, आपोआप झालं की मुद्दाम केलं, हे मात्र तो लपवत नाही. आणि हा फरक आपल्या भाषेत तयारच आहे. वाट लागते आणि कोणीतरी वाट लावतं. बोऱ्या वाजतो किंवा वाजवला जातो. दिवाळं निघतं किंवा कोणीतरी काढतं. क्रियापद नीट निवडलंत की अर्धं काम तिथेच झालं.

तुमच्या प्लंबरकडेच बघा. एका वाक्यात त्याने तीन नुकसानं सांगितली आणि तिन्हींचा हिशेब वेगळा ठेवला. बॉयलर 'पॅक्ड अप', म्हणजे आपला आपण बंद पडला, त्यात कोणाचा दोष नाही. आधीच्या माणसाने 'पिग्ज इअर' करून ठेवलं, इथे आरोपी समोर उभा केला. दोनशे पौंड 'डाउन द ड्रेन', इथे कर्ताच नाही, पैसे स्वतःच्या पायांनी चालत गेले. कारण पैसे देणारी बाई समोर उभी आहे आणि तिला 'तुम्ही घालवलेत' असं तोंडावर म्हणायचं नाही. मी हे असं करीन: 'बॉयलरने मान टाकलीय. आधीच्याने त्याचा पार विचका करून ठेवलाय, आणि तुमचे दोनशे पौंड गेले पाण्यात.' 'राइट'चा इथे बरोबर-चूक किंवा उजवा-डावा यांच्याशी काही संबंध नाही, तो फक्त जोर देतो, म्हणून 'पार'. 'क्विड'ला अनेकवचनाचा 'स' लागत नाही, एक पौंड असो की दोनशे, शब्द 'क्विड'च. एवढं सांभाळा.

आता 'गॉन'ची पिलावळ. वस्तू, माणूस, बेत, काहीही 'जातं': 'गॉन फॉर अ बर्टन', 'गॉन वेस्ट', 'गॉन पेअर-शेप्ड', 'गॉन बस्ट', 'गॉन टू पॉट', 'गॉन टू द डॉग्ज'. कुठे जातं याला फारसा अर्थ नाही, गेलं हे महत्त्वाचं. यातला बर्टन दुसऱ्या महायुद्धातल्या हवाई दलाच्या बोलीतला. विमान परत आलं नाही की 'तो बर्टनला गेला' म्हणायचं. बर्टन म्हणजे नेमकं काय यावर भांडणं आहेत. कोणी बर्टन-अपॉन-ट्रेंट या बिअरसाठी प्रसिद्ध गावाकडे बोट दाखवतं, म्हणजे गडी बिअर प्यायला गेलाय. कोणी माँटेग्यू बर्टन यांच्या सुटांच्या दुकानांकडे बोट दाखवतं, म्हणजे शेवटचा सूट शिवायला गेलाय. पुरावा कशालाच नाही. सबटायटलला त्याची गरजही नाही. गरज आहे ती सुराची. ब्रिटनच्या बॉम्बर कमांडच्या सुमारे १,२५,००० वैमानिक आणि सहकाऱ्यांपैकी ५५,५७३ मारले गेले. रोज रात्री जेवणाच्या टेबलावर खुर्च्या रिकाम्या होत होत्या, तेव्हा 'शहीद झाला' म्हणत बसलं असतं तर दुसऱ्या रात्री विमानात चढणं अवघड झालं असतं. म्हणून बिअर. त्या काळातल्या दृश्यात 'बर्टन' आला तर मराठीतही तो तसाच हलका, तुटक ठेवा: 'जॅक गेला काल.' बस. 'वीरमरण पत्करलं' लिहिलंत की दृश्य मेलं.

तोच शब्द आजच्या स्वयंपाकघरात येतो तेव्हा फार तर मिक्सर 'कामातून गेलेला' असतो. 'प्रँग'चंही तसंच झालं. हवाई दलात तो विमान कोसळल्यावर वापरत, आज सुपरमार्केटच्या पार्किंगमध्ये गाडीला पोचा पडला तरी 'प्रँग'. 'गॉन वेस्ट' त्याआधीचा, पहिल्या महायुद्धाच्या खंदकांत खूप चालला. सूर्य मावळतो ती दिशा, हे उघडच. लंडनमध्ये न्यूगेट तुरुंगातून कैद्यांना पश्चिमेला टायबर्नच्या फाशीकडे नेत, ती प्रथा १७८३पर्यंत होती आणि शब्द तिथूनच आला असंही काही जण सांगतात. ते सोडा, पण मराठीत याला 'राम म्हटला' इतकं चपखल दुसरं काही नाही. गाडीनेही राम म्हणता येतो आणि माणसानेही.

'पेअर-शेप्ड' फक्त बेताला, योजनेला लावतात. सगळं ठरल्याप्रमाणे चाललेलं असतं आणि मग फिसकटतं. हाही हवाई दलातून आला असं बरेच जण मानतात, विमानाची हवेतली गोल गिरकी गोल न निघता नाशपातीसारखी (पेअर) लांबुडकी निघाली, अशी कथा आहे. बॉयलर कधी 'पेअर-शेप्ड' होत नाही, लग्न होतं, बँकेवरचा दरोडा होतो, रविवारचं जेवण होतं.

कमी करून बोलण्याची ही सवय किती खोल आहे याचा एक खरा नमुना सांगते. २४ जून १९८२ रोजी ब्रिटिश एअरवेजचं एक जम्बो जेट जावा बेटावरच्या गालुंगुंग ज्वालामुखीच्या राखेत शिरलं. चारही इंजिनं बंद पडली. कॅप्टन एरिक मूडी यांनी प्रवाशांना जे सांगितलं त्याची सुरुवात 'आपल्यापुढे एक छोटीशी अडचण आहे' अशी होती, आणि चारही इंजिनं बंद आहेत हे त्यानंतरच्या वाक्यात. (विमान पुढे जाकार्ताला सुखरूप उतरलं. लंडनहून निघालेल्या त्या उड्डाणाचा मुंबईतही थांबा झाला होता.) म्हणून 'अ बिट ऑफ अ', 'स्लाइटली', 'नॉट आयडियल' हे शब्द कानावर पडले की सावध व्हा. 'अ बिट ऑफ अ कॉक-अप' म्हणजे बहुधा भला मोठा घोळ. मराठीत 'थोडा घोळ झालाय' असंच ठेवा, मोठेपणा नटाच्या चेहऱ्यावर दिसतोच. तुम्ही 'प्रचंड' घातलंत तर पात्राचा स्वभाव बदलतो.

एक शब्द असा आहे की तो बोलीत जन्मला आणि कागदपत्रांत जाऊन बसला: 'राइट-ऑफ'. आपल्याकडे त्याला सर्रास 'चक्काचूर' करतात. चुकीचं आहे. विमा कंपनीच्या दृष्टीने दुरुस्तीचा खर्च परवडत नाही, एवढाच अर्थ. ब्रिटनमध्ये ऑक्टोबर २०१७पासून अशा गाड्यांचे ए, बी, एस आणि एन असे चार वर्ग आहेत. ए आणि बी पुन्हा रस्त्यावर येत नाहीत. एसमध्ये सांगाडा दुखावलेला, पण दुरुस्त होण्याजोगा. एनमध्ये सांगाड्यालाही धक्का नाही. म्हणजे मालिकेतली मुलगी 'डॅड्स कार इज अ राइट-ऑफ' म्हणते तेव्हा मागे गाडी अगदी धडधाकट दिसू शकते, आणि खाली 'चक्काचूर' वाचणारा प्रेक्षक बुचकळ्यात पडतो. 'गाडी मोडीत निघाली' चालेल. आणि 'द होल डे वॉज अ राइट-ऑफ' म्हणाली तर 'अख्खा दिवस फुकट गेला', विषय संपला.

पैशांकडे वळू. पैसे जातात ते खाली आणि वर दोन्हीकडे. खाली: 'डाउन द ड्रेन', 'डाउन द पॅन', 'डाउन द प्लगहोल', म्हणजे गटार, संडास आणि मोरीचं भोक. घाण कमीजास्त, पण अर्थ एकच: पाण्यात गेले. वर: 'अप द स्पाउट'. हा मला या सगळ्यांत आवडतो, कारण याच्यामागे एक खरीखुरी वस्तू आहे. जुन्या लंडनमध्ये गहाण घेणाऱ्या सावकाराच्या दुकानात काउंटरपासून वरच्या कोठीपर्यंत एक उभी नळी किंवा लहानसा उचलपाळणा असे, त्याला स्पाउट म्हणत. तुमचा कोट, तुमचं घड्याळ चिठ्ठी लावून त्यातून वर गेलं, की ते 'अप द स्पाउट'. सोमवारी सूट वर, शनिवारी पगार झाला की खाली, रविवारी अंगावर, सोमवारी पुन्हा वर. बऱ्याच वस्तू खाली येतच नसत. दुकानाची खूण तीन सोनेरी गोळे, आणि त्यावरचा जुना विनोद असा की वस्तू परत न मिळण्याची पैज दोनास एक.

त्या सावकाराला 'अंकल' म्हणत आणि गहाण टाकण्याला 'पॉप' करणं. एकोणिसाव्या शतकातल्या कथानकात 'माझं घड्याळ अंकलकडे आहे' आलं आणि तुम्ही 'काकांकडे' लिहिलंत, तर पुढच्या भागात काका कुठे आहेत म्हणून प्रेक्षक शोधत बसेल. 'सावकाराकडे पडलंय' लिहा. आज 'अप द स्पाउट' दोनच अर्थांनी येतो: एखादी गोष्ट बिघडली किंवा बोंबलली, आणि एखाद्या बाईला नको असताना दिवस गेले. दुसरा अर्थ उद्धट आहे, कोण कोणाविषयी बोलतंय ते पाहूनच मराठी ठरवा.

उधळपट्टीत कर्ता पुन्हा उगवतो. 'ही ब्ल्यू इट ऑन द हॉर्सेस': घोड्यांवर उडवले. मराठीत 'उडवले' इतकं जवळ आहे की विचारच करू नका. मात्र नुसतं 'आय ब्ल्यू इट' म्हणजे हातची संधी घालवली, म्हणजेच आपलं 'माती खाल्ली'.

भिंतीवरून जाणारे पैसे जपून हाताळा. 'पिस्ड अप द वॉल' सरळ शिवराळ आहे. मार्च २०१९मध्ये बोरिस जॉन्सन यांनी एलबीसी रेडिओवर, मुलांवरच्या जुन्या लैंगिक अत्याचारांच्या तपासावर झालेल्या सहा कोटी पौंडांच्या खर्चाबद्दल 'स्पॅफ्ड अप अ वॉल' असे शब्द वापरले. 'स्पॅफ'चा मूळ अर्थ वीर्यपतनाचा. त्या विषयाला लावून तो शब्द वापरला म्हणून पीडितांनी आणि विरोधकांनी झोडपलं, आणि ते योग्यच होतं. अशा वाक्याला 'पाण्यात गेले' केलं तर पुढचा सगळा गदारोळ प्रेक्षकाला कळणारच नाही. तिथे मराठीही ओंगळच हवी.

धंदा बुडाला की 'गॉन बस्ट', 'गॉन अंडर', 'गॉन टू द वॉल', 'बेली अप'. बातम्यांत 'वेंट इंटू ॲडमिनिस्ट्रेशन' येईल, ती दिवाळखोरीच्या कायद्यातली पायरी आहे, त्याला 'प्रशासनात गेली' लिहू नका. वूलवर्थ्स या दुकानांच्या साखळीची तीच अवस्था नोव्हेंबर २००८मध्ये झाली आणि ६ जानेवारी २००९ला शेवटची दुकानं बंद झाली. थॉमस कुक सप्टेंबर २०१९मध्ये बुडाली तेव्हा दीड लाखांच्या आसपास ब्रिटिश पर्यटक परदेशात अडकले होते. आपल्याकडच्या थॉमस कुकचं तिकीट काढलेल्यांनीही धास्ती घेतली होती, पण भारतातली कंपनी २०१२पासून वेगळ्या मालकीची असल्याने तिला धग लागली नाही. अशी पार्श्वभूमी माहीत असली की 'गाशा गुंडाळला', 'दिवाळं वाजलं' आणि 'डबघाईला आली' यांतलं नेमकं काय घालायचं ते कळतं. 'बस्ट' म्हणजे डबघाई नव्हे, सगळं संपलेलं असतं.

माणूस स्वतः कफल्लक झाला की 'स्किंट'. तो 'स्किन्ड'चा, म्हणजे सोलून काढलेल्याचा अपभ्रंश. त्यावर लंडनच्या ईस्ट एंडमधल्या लोकांनी यमकाचा खेळ केला: 'बोरॅसिक लिंट' ही जखमेवर लावायची औषधी पट्टी, 'लिंट'चं यमक 'स्किंट', मग लिंट गाळून उरलं 'बोरॅसिक', आणि उच्चारता उच्चारता 'ब्रॅसिक'. कानाला पितळेसारखं लागतं, पितळेशी नातं नाही. 'ठणठण गोपाळ' लिहा, मजा टिकते. 'ऑन हिज अपर्स' म्हणजे जोड्याचा तळ झिजून वरचं कातडंच उरलेलं, हा जरा जुन्या पिढीचा.

आता जिथे आरोपी उघड असतो ती मंडळी. 'पिग्ज इअर', 'डॉग्ज डिनर', 'डॉग्ज ब्रेकफास्ट', 'हॅश', 'बॉज', 'कॉक-अप', 'बॉल्स-अप'. मराठीत विचका, बट्ट्याबोळ, खेळखंडोबा, मातेरं, चिवडा, घोळ असा भरपूर माल आहे, एकच एक वापरायची गरज नाही. यात प्राण्यांचे सापळे आहेत. 'पिग्ज इअर' लंडनच्या यमकी बोलीत बिअरही असते. 'ड्रेस्ड अप लाइक अ डॉग्ज डिनर' म्हणजे नको इतकं नटूनथटून आलेला. आणि कुत्र्याचं जेवण वाईट असलं तरी त्याच कुत्र्याचा एक खासगी अवयव, 'डॉग्ज बोलॉक्स', म्हणजे एकदम झकास! तिथे 'वाट लागली' गेलं तर अर्थाचीच वाट लागेल. कच्चं काम करून पळणाऱ्या बांधकामवाल्याला 'काउबॉय' म्हणतात, घोडा शोधू नका.

'कॉक-अप'ची गंमत अशी की त्यात दोष असतो पण हेतू नसतो. मार्गारेट थॅचर यांचे माध्यम सचिव बर्नार्ड इंगहॅम पत्रकारांना म्हणत असत की सरकारात कट शोधण्यापेक्षा कॉक-अप शोधा, बातमी जास्त खरी येईल. म्हणून 'कॉक-अप'ला 'घोटाळा' हा शब्द टाळा. आपल्या वर्तमानपत्रांनी घोटाळ्याला भ्रष्टाचार चिकटवून टाकलाय. 'घोळ' पुरे.

सगळ्या कारभाराचाच बोजवारा उडाला की 'शॅम्बल्स'. मूळ अर्थ खाटकांची फळी, खाटीकगल्ली. यॉर्कमध्ये त्या नावाची जुनी गल्ली अजून आहे आणि पर्यटक तिथे फोटो काढत असतात. २००९मध्ये एका राजकीय विनोदी मालिकेने त्याला 'ऑम्नि' (सर्व) जोडलं, एप्रिल २०१२मध्ये विरोधी पक्षनेते एड मिलिबँड यांनी अर्थसंकल्पावर तो संसदेत फेकला आणि ऑक्सफर्डने त्या वर्षी तो ब्रिटनचा 'वर्षाचा शब्द' ठरवला. मी 'सर्वत्र बोजवारा' करीन. तीन तेरा नऊ बाराही चालेल, ओळीत बसलं तर.

मुद्दाम केलेल्या नुकसानीचे शब्द थोडे आहेत, पण कथानकाला तेच वळण देतात. 'स्कपर्ड' ऐकलं की कोणाचा तरी बेत बुडवला गेलाय. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला ब्रिटिश सैनिक तो शत्रूने अचानक गाठून कापून काढल्यावर वापरत, आज मीटिंगमध्ये ऐकू येतो. 'पुट द कायबॉश ऑन' म्हणजे मोडता घातला. 'स्पॅनर इन द वर्क्स' म्हणजे पाचर मारली, पान्याचं भाषांतर नको. 'क्वीअर्ड माय पिच' हा रस्त्यावर खेळ करणाऱ्यांचा आणि फेरीवाल्यांचा शब्द, धंद्याची जागा बिघडवली, म्हणजे पोटावर पाय. पण 'नॉक इट ऑन द हेड' यात धरू नका. डोक्यात घालण्याचा भास होतो, प्रत्यक्षात 'चला, आता पुरे' इतका साधा आहे.

'वेंट लाइक अ बॉम्ब'ही इथेच सांगून ठेवते. अमेरिकन माणसाचं नाटक 'बॉम्ब' झालं तर आपटलं. ब्रिटिश माणसाचं 'लाइक अ बॉम्ब' गेलं तर धो धो चाललं. मालिका कुठली, बोलणारा कुठला, दोन्ही बघा.

दोन शब्दांशी तर आपलं घरचं नातं आहे. 'डूलॅली' म्हणजे डोकं फिरलेला, आणि हल्ली भलतंच काहीतरी करायला लागलेलं यंत्रही. हा शब्द म्हणजे नाशिकजवळची आपली देवळाली. एकोणिसाव्या शतकात तिथे ब्रिटिश सैन्याची छावणी होती. भारतातली मुदत संपलेल्या शिपायांना मायदेशी जाणाऱ्या जहाजाची वाट पाहत तिथे ठेवत. जहाजं ठरावीक महिन्यांतच सुटत, हंगाम चुकला की महिनोन् महिने काम नाही, ऊन, दारू, मलेरिया. त्यांतले काही खरोखर बिथरत. पूर्ण शब्दप्रयोग होता 'डूलॅली टॅप', आणि तो टॅप नळाचा नाही, आपलाच ताप आहे. पुढे ताप गळला, गाव राहिलं. आज तिथे तोफखान्याचं प्रशिक्षण केंद्र आहे. सबटायटलमध्ये 'देवळाली झाली' लिहायचा मोह होईल. आवरा. 'डोकं फिरलंय', 'भंजाळलाय' हेच बरं. फक्त दृश्य हिंदुस्थानातल्या छावणीचं असेल तर 'देवळालीचा ताप चढलाय' लिहायला माझी हरकत नाही.

दुसरा 'फट्'. 'इट्स गॉन फट्' म्हणजे यंत्र गेलं. १८८०च्या दशकातल्या अँग्लो-इंडियन लिखाणात तो दिसतो, आणि बरेच कोशकार त्याचं मूळ हिंदी 'फटना'त पाहतात. काहींना तो नुसता आवाज वाटतो. आपल्याला काय, 'फट्'ला 'फुस्स झालं' तयारच आहे.

राहिला वाह्यातपणाचा प्रश्न. 'पेअर-शेप्ड', 'बर्टन', 'कायबॉश', 'पिग्ज इअर', 'डूलॅली', 'स्किंट' हे घरात, ऑफिसात, आजीसमोर चालतात. 'कॉक-अप' कानाला जितका वाईट लागतो तितका नाही, मंत्रीसुद्धा वापरतात. 'नॅकर्ड' मधला: मूळ म्हणजे म्हातारे घोडे मारणाऱ्या नॅकरच्या वाड्यात जाण्याजोगा, म्हणून माणूस असेल तर 'पार गळून गेलोय' आणि वस्तू असेल तर 'खिळखिळी झालीय'. पण 'नॅकर्स' म्हणजे वृषण, त्यामुळे काही घरांत भुवया उंचावतात. 'बॉल्स-अप', 'टिट्स अप', 'बगर्ड' त्याच्या पुढची पायरी. ब्रिटनमध्ये रात्री नऊच्या आधी लहान मुलांना न शोभणारं दाखवू नये असा ऑफकॉम या प्रसारण नियामकाचा नियम आहे. म्हणून मालिका तिथे किती वाजता लागत होती ते आधी विचारून घ्या. संध्याकाळी सातच्या मालिकेत आपल्याकडची शिवी घातलीत तर ते भाषांतर नाही, भर आहे.

वयही बघा. आज विशीतला मुलगा 'गॉन फॉर अ बर्टन' म्हणत असेल तर तो बहुधा आजोबांची नक्कल करतोय. खऱ्या आजोबांच्या तोंडी 'बोऱ्या वाजला', 'कामातून गेला' शोभतं, नातवाच्या तोंडी 'पार गंडलंय'. अदलाबदल केलीत तर प्रेक्षक हसेल, आणि दृश्य अंत्ययात्रेचं असू शकतं.